कृष्णाखोऱ्याचा भूगोल आणि मतदानाचे स्वरूप : सातारा व सांगली लोकसभा मतदारसंघांचा अभ्यास

प्रस्तावना

निवडणुकीच्या निकालाची चर्चा आपल्याकडे प्रामुख्याने उमेदवार, पक्ष, जात आणि लाट या चार शब्दांभोवती फिरते. हे चारही घटक महत्त्वाचे आहेत, यात शंका नाही. तथापि मतदार ज्या भूमीवर राहतो, ज्या पाण्यावर शेती करतो आणि ज्या वाटेने बाजाराला जातो, त्यांचाही त्याच्या राजकीय निर्णयाशी संबंध असतो. फ्रेंच अभ्यासक आन्द्रे सिगफ्रिड यांनी १९१३ मध्ये पश्चिम फ्रान्समधील मतदानाचा अभ्यास प्रसिद्ध केला आणि खडक, जमीनधारणा, वस्तीचे स्वरूप व मतदान यांची सांगड घातली. त्यांची काही अनुमाने पुढे वादग्रस्त ठरली. परंतु निवडणुकीचा भूगोल ही अभ्यासशाखा तेथून सुरू झाली असे मानले जाते.

महाराष्ट्रात या दृष्टीने अभ्यासण्यासारखा प्रदेश म्हणजे सातारा व सांगली हे दोन जिल्हे होत. एकाच नदीच्या खोऱ्यात वसलेल्या या जिल्ह्यांत अतिवृष्टीचा डोंगर, बागायती नदीकाठ आणि कायम दुष्काळी माळ हे तीनही प्रदेश शेजारीशेजारी आहेत. प्रस्तुत लेखात या दोन जिल्ह्यांची भौगोलिक रचना, लोकसभा मतदारसंघांची आखणी आणि मतदानाचे बदलते स्वरूप यांतील संबंध स्पष्ट करण्याचा प्रयत्न केला आहे. भूगोल मतदान ठरवितो, असा एकेरी दावा येथे केलेला नाही. भूगोलातून हितसंबंध निर्माण होतात, हितसंबंधांतून संस्था उभ्या राहतात आणि संस्थांच्या द्वारे मतदान संघटित होते, ही साखळी दाखविणे हा लेखाचा हेतू आहे.

अभ्यासक्षेत्र : एक खोरे, तीन पट्टे

सातारा जिल्ह्याचे क्षेत्रफळ १०,४८० चौरस किलोमीटर असून सांगलीचे ८,५७२ चौरस किलोमीटर आहे. २०११ च्या जनगणनेनुसार साताऱ्याची लोकसंख्या ३०,०३,७४१ तर सांगलीची २८,२२,१४३ होती. साताऱ्यात सुमारे एकपंचमांश व सांगलीत सुमारे एकचतुर्थांश लोकसंख्या नागरी आहे. अर्थात दोन्ही मतदारसंघ मूलतः ग्रामीण आहेत. सातारा व कराड ही शहरे आणि सांगली-मिरज-कुपवाड महानगरपालिका वगळता मतदाराचे जीवन शेती व शेतीपूरक व्यवसायाशी बांधलेले आहे.

या प्रदेशाचे पश्चिमेकडून पूर्वेकडे तीन पट्टे पडतात. पहिला पट्टा सह्याद्रीचा. महाबळेश्वर, जावळी, पाटण आणि शिराळा तालुक्याचा पश्चिम भाग यात येतो. महाबळेश्वरला वर्षाकाठी सरासरी सहा हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. कृष्णा व कोयना येथेच उगम पावतात. धोम, कोयना व वारणेवरील चांदोली ही धरणे याच पट्ट्यात आहेत. पाणी येथे अडते, पण शेतजमीन थोडी, उताराची आणि विखुरलेली आहे. कोयनेच्या पाण्याचा मोठा हिस्सा वीजनिर्मितीसाठी पश्चिमेकडे कोकणात उतरविला जातो. धरणासाठी गावे उठली ती मात्र या खोऱ्यातील.

दुसरा पट्टा नदीकाठचा. वाई, सातारा, कराड, वाळवा, पलूस व मिरज या तालुक्यांतील काळी, खोल जमीन ही त्याची ओळख होय. कराड येथे कोयना कृष्णेला मिळते आणि तेथून खाली नदीचे पात्र रुंदावत जाते. ऊस, हळद, सोयाबीन ही येथील पिके. सहकारी साखर कारखाने, दूध संघ, बँका व शिक्षणसंस्था यांचे जाळे याच पट्ट्यात सर्वांत दाट आहे. मात्र या समृद्धीला पुराची किनार आहे. २००५ आणि २०१९ च्या महापुरांनी सांगली शहरासह नदीकाठच्या गावांची अपरिमित हानी केली.

तिसरा पट्टा पर्जन्यछायेचा. फलटणचा काही भाग, माण, खटाव, खानापूर, आटपाडी, कवठेमहांकाळ आणि जत हे तालुके त्यात मोडतात. येथे पाऊस सुमारे पाचशे मिलिमीटर किंवा त्याहूनही कमी, आणि तोही बेभरवशाचा. माण, येरळा व अग्रणी या नद्या वर्षातील बराच काळ कोरड्या असतात. ज्वारी, बाजरी, मेंढपाळी आणि अलीकडे डाळिंब व द्राक्ष हा येथील जीवनाधार. महाबळेश्वर ते माणदेश हे अंतर शंभर किलोमीटरच्या आसपास. परंतु पावसाचे प्रमाण या अंतरात बाराव्या हिश्श्यापर्यंत घसरते. महाराष्ट्रातील फार थोड्या जिल्ह्यांत इतका तीव्र फरक आढळतो.

मतदारसंघाची रेषा

निसर्गाचे पट्टे उत्तर-दक्षिण पसरलेले असताना मतदारसंघाच्या रेषा त्यांना आडव्या छेदतात. ही बाब समजून घेण्यासाठी पुनर्रचनेचा इतिहास पाहणे आवश्यक आहे.

स्वातंत्र्यानंतर १९४९ मध्ये जुन्या सातारा जिल्ह्याचे उत्तर सातारा व दक्षिण सातारा असे विभाजन झाले. संस्थानी मुलूख विलीन होऊन बनलेल्या दक्षिण साताऱ्याचे नामांतर १९६० मध्ये सांगली असे करण्यात आले. दीर्घकाळ या दोन जिल्ह्यांत सातारा, कराड व सांगली असे तीन लोकसभा मतदारसंघ होते. न्यायमूर्ती कुलदीप सिंग यांच्या अध्यक्षतेखालील परिसीमन आयोगाने २००१ च्या जनगणनेच्या आधारे मतदारसंघांची फेरआखणी केली. ती २००८ मध्ये अमलात आली व २००९ ची निवडणूक त्यानुसार झाली. या फेरआखणीत कराड मतदारसंघ संपुष्टात आला. सातारा जिल्ह्यातील विधानसभेच्या जागा दहावरून आठ व सांगलीतील नऊवरून आठ झाल्या. जावळी, खटाव व कवठेमहांकाळ या नावांचे स्वतंत्र विधानसभा मतदारसंघ उरले नाहीत.

आजच्या सातारा लोकसभा मतदारसंघात वाई, कोरेगाव, कराड उत्तर, कराड दक्षिण, पाटण आणि सातारा हे सहा विधानसभा मतदारसंघ आहेत. सांगली लोकसभा मतदारसंघात मिरज, सांगली, पलूस-कडेगाव, खानापूर, तासगाव-कवठेमहांकाळ आणि जत यांचा समावेश होतो. सातारा जिल्ह्यातील फलटण व माण हे माढा लोकसभा मतदारसंघात गेले, तर सांगली जिल्ह्यातील इस्लामपूर व शिराळा हे हातकणंगलेत.

या आखणीचे दोन परिणाम लक्षात घेण्याजोगे आहेत. सातारा मतदारसंघातून दुष्काळी पट्ट्याचा मोठा भाग वगळला गेला; उरलेला मतदारसंघ प्रामुख्याने डोंगर व नदीकाठ यांचा बनला. याउलट सांगली मतदारसंघात वाळवा-शिराळ्याचा पाणीदार पश्चिम भाग नाही आणि त्यात खानापूर, आटपाडी, कवठेमहांकाळ व जत यांचे वजन मोठे आहे. सातारा मतदारसंघ पश्चिमेकडे व सांगली मतदारसंघ पूर्वेकडे झुकला, असे थोडक्यात म्हणता येईल.

जागा कमी होण्याचे कारणही भूगोलाशी निगडित आहे. फेरआखणी लोकसंख्येच्या प्रमाणात होते. मुंबई, ठाणे व पुणे परिसराची लोकसंख्या ज्या वेगाने वाढली, त्या वेगाने या जिल्ह्यांची वाढली नाही. पाटण-जावळीचा तरुण मुंबईत गेला की त्याच्याबरोबर प्रतिनिधित्वाचा हिस्साही तिकडे जातो. ज्या तालुक्याला रोजगार व पाणी नाही तेथून माणसे बाहेर पडतात आणि माणसे बाहेर पडली की त्या तालुक्याचा सभागृहातील आवाज क्षीण होतो, असे हे चक्र आहे.

ऐतिहासिक पार्श्वभूमी

सातारा-सांगलीतील राजकीय जागृतीचा पाया सत्यशोधक चळवळीने घातला. कर्मवीर भाऊराव पाटील यांनी १९१९ मध्ये कराडजवळील काले येथे रयत शिक्षण संस्थेची स्थापना केली आणि ग्रामीण बहुजन समाजात शिक्षण पोहोचविले. १९४२ नंतरच्या प्रतिसरकारच्या चळवळीने या जागृतीला लढाऊ वळण दिले. क्रांतिसिंह नाना पाटील, जी. डी. बापू लाड, नागनाथअण्णा नायकवडी आदींचे कार्यक्षेत्र कुंडल, वाळवा व कृष्णाकाठ हेच होते. वसंतदादा पाटील यांनी १९४३ मध्ये सांगलीचा तुरुंग फोडला तोही याच काळात.

यातील काही नेते पुढे डाव्या पक्षांत गेले, काही काँग्रेसमध्ये राहिले. १९५७ च्या निवडणुकीत संयुक्त महाराष्ट्राच्या प्रश्नावर पश्चिम महाराष्ट्राने काँग्रेसला नाकारले आणि साताऱ्यातून नाना पाटील भारतीय कम्युनिस्ट पक्षाचे खासदार म्हणून निवडून आले. कराडमधून विधानसभेची निवडणूक लढविणारे यशवंतराव चव्हाण यांचा विजयही त्या वेळी निसटता होता. आज काँग्रेसी परंपरेचा बालेकिल्ला म्हणून ज्या प्रदेशाचा उल्लेख केला जातो, तो प्रदेश प्रारंभी बंडखोर होता, हे येथे ध्यानात ठेवावयास हवे.

राज्यनिर्मितीनंतर चित्र पालटले. यशवंतराव चव्हाण १९६७ पासून १९८० पर्यंतच्या चारही निवडणुकांत साताऱ्यातून विजयी झाले. १९७७ मध्ये उत्तर भारतात काँग्रेसचा धुव्वा उडाला असताना सातारा, कराड व सांगली या तीनही जागा काँग्रेसकडे राहिल्या. १९८० चे उदाहरण तर अधिक बोलके आहे. इंदिरा काँग्रेसची लाट असताना यशवंतराव विरोधी काँग्रेस गटातून उभे राहिले आणि तरीही साताऱ्याने त्यांनाच निवडून दिले. सांगलीने १९६७ पासून २००९ पर्यंतच्या प्रत्येक सार्वत्रिक लोकसभा निवडणुकीत काँग्रेसचा खासदार दिला. साताऱ्यात १९९६ मध्ये शिवसेनेचे हिंदुराव नाईक निंबाळकर विजयी झाले, हा त्या काळातील ठळक अपवाद. १९९९ मध्ये राष्ट्रवादी काँग्रेसची स्थापना झाल्यावर सातारा व कराड नव्या पक्षाकडे गेले, सांगली मात्र काँग्रेसबरोबर राहिली. एकाच खोऱ्यातील दोन शेजारी जिल्ह्यांनी असे वेगळे निर्णय का घेतले, याचे उत्तर पक्षाच्या विचारसरणीत सापडत नाही. ते संस्थांच्या जाळ्यात शोधावे लागते.

साखर कारखाना : मतांचे लाभक्षेत्र

नदीकाठच्या पट्ट्यात कारखान्याचे कार्यक्षेत्र हा राजकारणाचा मूळ घटक आहे. वाईकडे भुईंज येथे किसन वीर, साताऱ्याजवळ शेंद्रे येथे अजिंक्यतारा, कराड परिसरात सह्याद्री व रेठऱ्याचा कृष्णा, पाटणमध्ये बाळासाहेब देसाई, वाळवा तालुक्यात साखराळे येथे राजारामबापू आणि वाळव्याचा हुतात्मा, कुंडलला क्रांती, वांगीला सोनहिरा, सांगलीला वसंतदादा अशी ही मालिका आहे. यांपैकी अनेक कारखान्यांचे नेतृत्व व विधानसभेचे नेतृत्व दीर्घकाळ एकाच घराण्याकडे किंवा गटाकडे राहिले.

याचे कारण उसाच्या स्वरूपात आहे. ऊस तोडल्यानंतर लवकर गाळला न गेल्यास त्याचे वजन व उतारा घटतो. तोड कधी मिळणार, वाहन कधी येणार, बिल कधी निघणार या गोष्टी शेतकऱ्याच्या दृष्टीने जीवनमरणाच्या असतात आणि त्यांचा निर्णय कारखान्यात होतो. त्याच कारखान्याच्या छायेत पतसंस्था, दूध संघ, शाळा-महाविद्यालये व पाणीपुरवठा संस्था वाढल्या. सभासद, कर्मचारी, वाहतूकदार, तोडणी मुकादम असे हजारो लोक या व्यवस्थेशी जोडले गेले. अशा रीतीने कारखान्याच्या कार्यक्षेत्राला मतांच्या लाभक्षेत्राचे रूप आले. अमेरिकन अभ्यासक व्ही. ओ. की यांनी १९४९ मध्ये दक्षिण अमेरिकी संस्थानांचा अभ्यास करताना, उमेदवाराच्या स्वतःच्या गावाभोवती मतांचे दाट वलय आढळते असे दाखविले होते. कृष्णाकाठी हे वलय घराच्या सभोवती पडण्याऐवजी धुराड्याच्या सभोवती पडते, एवढाच फरक.

तथापि लोकसभा मतदारसंघात अशी अनेक वलये असतात. एका कारखान्याच्या बळावर आमदार होता येते, खासदार नव्हे. त्यामुळे लोकसभेची निवडणूक ही येथे गटांच्या तडजोडींची निवडणूक ठरते. कोणता गट कोणाबरोबर जातो, यावर निकाल फिरतो. वारणेवरील धरण खुजगावला व्हावे की चांदोलीला, या प्रश्नावर राजारामबापू पाटील व वसंतदादा पाटील यांच्यात निर्माण झालेले मतभेद हे पाण्याच्या भूगोलातून राजकीय फळी कशी तयार होते, याचे ठळक उदाहरण आहे. त्या फळीचे पडसाद सांगली जिल्ह्यात पुढील पिढीतही उमटत राहिले.

पूर्व भाग : पाण्यासाठी मत

पर्जन्यछायेच्या पट्ट्यात कारखाने उभे राहिले, पण ऊसच पुरेसा नसल्याने त्यांतील काही अडचणीत आले. तेथे राजकारणाचा मध्यवर्ती प्रश्न पाणी हाच राहिला. १९८० च्या दशकात खानापूर तालुक्यात मुक्ती संघर्ष चळवळीने येरळेवर बळीराजा धरणाची कल्पना मांडली आणि पाण्यावर भूमिहीनांसह सर्वांचा समान हक्क आहे, असा विचार रुजविला. १९९० च्या दशकात नागनाथअण्णा नायकवडी, गणपतराव देशमुख, भारत पाटणकर यांच्या पुढाकाराने आटपाडीच्या पाणी परिषदांतून कृष्णाखोऱ्यातील दुष्काळी तालुक्यांची एकत्रित मागणी पुढे आली. मागणी करणारे तालुके तीन-चार जिल्ह्यांत आणि अनेक मतदारसंघांत विभागलेले होते, ही येथील लक्षणीय बाब होय.

या मागणीला कायद्याची एक बाजू होती. बच्छावत लवादाने कृष्णेच्या पाण्यापैकी ५६० अब्ज घनफूट पाणी महाराष्ट्राला दिले होते आणि त्या वाटपाचा फेरविचार ३१ मे २००० नंतर होऊ शकणार होता. हक्काचे पाणी तोपर्यंत अडविले व वापरले नाही तर ते गमवावे लागेल, ही भीती होती. १९९६ मध्ये महाराष्ट्र कृष्णा खोरे विकास महामंडळ स्थापन झाले आणि टेंभू, ताकारी, म्हैसाळ, उरमोडी, धोम-बलकवडी, जिहे-कठापूर आदी प्रकल्पांना गती देण्याचा प्रयत्न झाला. कराडजवळ टेंभू येथे उचललेले पाणी कडेगाव, खानापूर, आटपाडी व पुढे सांगोल्याकडे जाते. म्हैसाळ येथून ते कवठेमहांकाळ व जतकडे चढविले जाते. पाणी चढविण्यासाठी वीज लागते आणि विजेची देयके थकली की पंप थांबतात. हा अनुभव वारंवार आल्यानंतर उपसा सिंचनाच्या वीज देयकाचा ८१ टक्के भाग शासनाने व १९ टक्के भाग लाभधारकांनी सोसावा असे सूत्र स्वीकारण्यात आले.

धरणाचे पाणी उताराने आपोआप येते. उपसा योजनेचे पाणी मात्र दरवर्षी मागून आणावे लागते. मागण्यासाठी सत्तेशी जवळीक हवी. पूर्व भागातील मतदार व नेते राज्यातील सत्तापक्षाकडे तुलनेने लवकर का वळतात, याचे एक स्पष्टीकरण येथे मिळते. नदीकाठच्या शेतकऱ्याची बांधिलकी कारखान्याशी असते, माळावरच्या शेतकऱ्याची बांधिलकी आवर्तनाशी असते. कारखाना जागेवर राहतो, आवर्तन मात्र दर हंगामात नव्याने मिळवावे लागते. त्यामुळे माळावरील मतदान अधिक अस्थिर असते. या अस्थिरतेला चंचलपणा समजणे योग्य होणार नाही. ती पाण्याच्या अनिश्चिततेची छाया आहे.

जत तालुक्याच्या सीमावर्ती गावांचा प्रश्न या संदर्भात विसरता येत नाही. पाण्यासाठी कर्नाटकात जाण्याची भाषा या गावांतून पूर्वीही झाली होती. नोव्हेंबर २०२२ मध्ये कर्नाटकच्या तत्कालीन मुख्यमंत्र्यांनी जतमधील चाळीस गावांचा उल्लेख करून त्यावर दावा सूचित केला, तेव्हा विस्तारित म्हैसाळ योजनेचा विषय राज्याच्या अग्रक्रमावर आला. मतपेटीतून जे दीर्घकाळ साधले नव्हते, त्याकडे सीमा ओलांडण्याच्या इशाऱ्याने लक्ष वेधले गेले. प्रतिनिधित्वाच्या व्यवस्थेबद्दल ही घटना गंभीर प्रश्न उपस्थित करते.

स्थलांतर आणि मतदान

डोंगर व माळ या दोन्ही पट्ट्यांतून माणसे बाहेर पडली. पण त्यांच्या वाटा निरनिराळ्या होत्या. पाटण व जावळीतील माणसे मुंबईच्या गोदीत, बाजारपेठांत माथाडी म्हणून गेली. माथाडी कामगारांचे नेते अण्णासाहेब पाटील हे पाटण तालुक्यातीलच. त्यांचे पुत्र नरेंद्र पाटील यांनी २०१९ मध्ये आणि जावळीचे व माथाडी चळवळीशी संबंधित असलेले शशिकांत शिंदे यांनी २०२४ मध्ये सातारा लोकसभा लढविली. नवी मुंबईच्या बाजार समितीतील संघटन सह्याद्रीच्या खोऱ्यातील मतदानाशी कसे जोडलेले आहे, हे यावरून दिसते. खानापूर-आटपाडीकडील गलाई व्यावसायिक सोने-चांदी गाळण्याच्या धंद्यासाठी देशभरातील शहरांत पसरले. त्यांची घरे, शेते व नाती गावाकडे असल्याने निवडणुकीत त्यांचे आर्थिक व सामाजिक वजन गावात जाणवते. माण, आटपाडी व जतचा मेंढपाळ मात्र वर्षातील मोठा काळ कळपामागे फिरतो. मतदानाच्या दिवशी तो गावात असेलच असे नाही. मतदानाच्या टक्केवारीचा विचार करताना हा फरक लक्षात घ्यावयास हवा. २०२४ मध्ये साताऱ्यात सुमारे ६३ व सांगलीत सुमारे ६२ टक्के मतदान झाले. ही सरासरी पट्ट्यापट्ट्यांतील फरक झाकून टाकते.

अलीकडील निकालांचे वाचन

साताऱ्यातील तीन लागोपाठच्या निवडणुका अभ्यासासाठी उपयुक्त आहेत, कारण त्यांत एक प्रमुख उमेदवार समान होता आणि पक्ष बदलला होता.

तक्ता १ : सातारा लोकसभा मतदारसंघ
मे २०१९ : उदयनराजे भोसले (राष्ट्रवादी) ५,७९,०२६, नरेंद्र पाटील (शिवसेना) ४,५२,४९८, फरक १,२६,५२८.
ऑक्टोबर २०१९ (पोटनिवडणूक) : श्रीनिवास पाटील (राष्ट्रवादी) ६,३६,६२०, उदयनराजे भोसले (भाजप) ५,४८,९०३, फरक ८७,७१७.
२०२४ : उदयनराजे भोसले (भाजप) ५,७१,१३४; शशिकांत शिंदे (राष्ट्रवादी, शरदचंद्र पवार) ५,३८,३६३; फरक ३२,७७१.

तिन्ही वेळी उदयनराजे भोसले यांची मते ५.४८ लाख ते ५.७९ लाख या मर्यादेत राहिली. कमाल व किमान यांतील अंतर केवळ ३०,१२३ आहे. पक्ष बदलूनही मते जवळजवळ स्थिर राहिली, म्हणून हे व्यक्तीचे किंवा राजघराण्याचे मत आहे, असा निष्कर्ष काढण्याचा मोह होतो. परंतु बेरीज सारखी राहिली म्हणजे मतदार तेच राहिले, असे सिद्ध होत नाही. मे महिन्यात त्यांना मत देणाऱ्यांपैकी काही पक्षाबरोबर राहिले असतील आणि त्यांची जागा पूर्वी शिवसेना-भाजपला मत देणाऱ्यांनी भरून काढली असेल. डब्ल्यू. एस. रॉबिन्सन यांनी १९५० मध्ये दाखवून दिलेला धोका हाच आहे : समूहाच्या आकड्यांवरून व्यक्तीच्या वर्तनाचे अनुमान काढता येत नाही.

२०२४ च्या निकालाबाबत चिन्हाचा मुद्दा बराच चर्चिला गेला. ‘तुतारी वाजविणारा माणूस’ हे एका पक्षाचे चिन्ह असताना तुतारी या नावाशी साधर्म्य असलेले पिपाणीसारखे चिन्ह मिळालेल्या एका अपक्षाने ३७,०६२ मते घेतली. ही संख्या मताधिक्यापेक्षा अधिक असल्याने निकाल चिन्हामुळे फिरला असे म्हटले गेले. गणित असे की, निकाल बदलण्यासाठी त्या मतांपैकी ८८ टक्क्यांहून अधिक मते एकाच उमेदवाराकडे जाणे आवश्यक होते. ते अशक्य नाही. पण गृहीतही धरता येत नाही.

सांगलीचा क्रम निराळा आहे. २०१४ मध्ये संजयकाका पाटील यांनी भाजपला येथे प्रथमच विजय मिळवून दिला.

तक्ता २ : सांगली लोकसभा मतदारसंघ
२०१९ : संजयकाका पाटील (भाजप) ५,०८,९९५, विशाल पाटील (स्वाभिमानी पक्ष) ३,४४,६४३, गोपीचंद पडळकर (वंचित बहुजन आघाडी) ३,००,२३४.
२०२४ : विशाल पाटील (अपक्ष) ५,७१,६६६; संजयकाका पाटील (भाजप) ४,७१,६१३; चंद्रहार पाटील (शिवसेना, उद्धव बाळासाहेब ठाकरे) ६०,८६०.

२०१९ मध्ये पराभूत झालेल्या दोन प्रमुख उमेदवारांची मते एकत्र केल्यास ती ६,४४,८७७ होतात, म्हणजे विजेत्यापेक्षा कितीतरी अधिक. आटपाडी परिसरातून पुढे आलेल्या पडळकर यांच्या तीन लाख मतांनी दुष्काळी पट्ट्यातील व विशेषतः धनगर समाजातील असंतोषाला वाट करून दिली. २०२४ मध्ये तिसरा प्रबळ पर्याय नव्हता. भाजपची मते ३७,३८२ नी घटली, तर विशाल पाटील यांची २,२७,०२३ नी वाढली. निकाल पालटला तो मुख्यतः विरोधी मतांच्या एकत्रीकरणामुळे, असे यावरून दिसते. आघाडीने जागा एका पक्षास सोडली आणि मतदारांनी आघाडीच्या अधिकृत उमेदवाराला तिसऱ्या क्रमांकावर ठेवून वसंतदादांच्या नातवाला अपक्ष म्हणून निवडून दिले. पक्षांच्या वाटाघाटींपेक्षा स्थानिक जाळे प्रभावी ठरले, ही येथील १९८० च्या साताऱ्याशी जुळणारी गोष्ट आहे.

परंतु त्यानंतर सहाच महिन्यांनी झालेल्या विधानसभा निवडणुकीत चित्र पुन्हा बदलले. सातारा जिल्ह्यातील आठही जागा महायुतीने जिंकल्या. कराड दक्षिणमधून माजी मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाण पराभूत झाले. सांगली लोकसभा क्षेत्रातील सहापैकी मिरज, सांगली, खानापूर व जत या चार जागा महायुतीकडे, तर पलूस-कडेगाव व तासगाव-कवठेमहांकाळ या दोन महाविकास आघाडीकडे गेल्या. २०१९ मध्ये वंचितकडून लढलेले पडळकर जतमधून भाजपचे आमदार झाले. लोकसभा व विधानसभा या दोन निवडणुकांत तोच मतदार निराळा विचार करतो, हे यातून स्पष्ट होते.

अध्ययन-अध्यापनाच्या दृष्टीने

या विषयाचा पुढील अभ्यास महाविद्यालयीन पातळीवर सहज शक्य आहे. निवडणूक आयोगाच्या नमुना २० मध्ये मतदान केंद्रनिहाय मते उपलब्ध असतात. ही आकडेवारी गावनिहाय सिंचन, पीकपद्धती व कारखान्याच्या कार्यक्षेत्राशी जोडून नकाशे तयार केल्यास भूगोल, राज्यशास्त्र, अर्थशास्त्र व संख्याशास्त्र या विभागांना एकत्र काम करता येईल. मात्र तीन पथ्ये पाळणे अगत्याचे आहे. २००८ पूर्वीचे व नंतरचे मतदारसंघ नावाने सारखे असले तरी क्षेत्राने भिन्न आहेत, म्हणून त्यांची थेट तुलना करू नये. टपाली मते केंद्रनिहाय आकड्यांत समाविष्ट नसतात. आणि लहान गावात केंद्रनिहाय मतदान प्रसिद्ध झाल्याने गावाचा कल उघड होतो. त्याचा उपयोग अभ्यासासाठी व्हावा, गावावर राग काढण्यासाठी नव्हे.

निष्कर्ष

वरील विवेचनावरून पुढील बाबी स्पष्ट होतात. नदीकाठच्या पट्ट्यात कारखाना व त्याभोवतीच्या संस्था मतदानाला स्थैर्य देतात. पर्जन्यछायेच्या पट्ट्यात पाण्याची अनिश्चितता मतदानाला प्रवाही बनविते. डोंगरी पट्ट्यात स्थलांतरितांचे शहरी संघटन गावच्या मतदानात उतरते. लोकसभेचा निकाल या तीन पट्ट्यांच्या बेरजेतून व गटांच्या तडजोडीतून घडतो आणि तो पक्षाच्या लाटेशी प्रत्येक वेळी जुळतोच असे नाही.

यापेक्षा महत्त्वाचा प्रश्न मतदारसंघाच्या आखणीचा आहे. परिसीमनाच्या कायद्यात भौगोलिक सलगता, नैसर्गिक वैशिष्ट्ये, प्रशासकीय सीमा, दळणवळण व लोकांची सोय या निकषांचा उल्लेख आहे. टेंभूचे पाणी कराडला उचलले जाते ते सातारा मतदारसंघात, त्याचे लाभधारक खानापूर-आटपाडीत म्हणजे सांगली मतदारसंघात, आणि शेवटचे टोक सांगोल्यात म्हणजे माढा मतदारसंघात. एका योजनेचे तीन खासदार आहेत. पण त्या योजनेच्या शेवटच्या शेतकऱ्याला उत्तरदायी असा एकही नाही. ८४ व्या घटनादुरुस्तीने लोकसभेच्या जागांचे फेरवाटप २०२६ नंतरच्या पहिल्या जनगणनेपर्यंत पुढे ढकलले होते. त्या जनगणनेनंतर जेव्हा रेषा पुन्हा आखल्या जातील, तेव्हा केवळ डोकी मोजून भागणार नाही. माणदेश व जत यांसारख्या भागांनी माणसे गमावली ती पाण्याअभावी; पाण्याअभावी त्यांनी प्रतिनिधित्वही गमवावे काय, हा प्रश्न आयोगासमोर आकडेवारीनिशी मांडला गेला पाहिजे. ही आकडेवारी गोळा करण्याचे काम या दोन जिल्ह्यांतील महाविद्यालयांइतके दुसरे कोणी करू शकेल असे वाटत नाही.